मुळासकट

जव्हारच्या मुकणे घराण्याचा मूळपुरुष जयबा याची एक गोष्ट इकडे सांगतात. इंग्रजी अमदानीतल्या ठाणे जिल्ह्याच्या गॅझेटिअरमध्येही ती सापडते. जयबाने इथल्या वारली सरदाराकडे बैलाच्या एका कातड्यात मावेल एवढीच जमीन मागितली. सरदाराला वाटलं, कातडं ते केवढं! त्याने हो म्हटलं. मग जयबाने त्या कातड्याच्या बारीक वाद्या कापल्या, एकीला एक जोडल्या आणि त्या वादीने भलाथोरला मुलूख घेरला. हुबेहूब हीच गोष्ट कार्थेजच्या डायडो राणीचीही आहे, त्यामुळे खरंखोटं इतिहासवाल्यांनी बघावं. मला मात्र कॉम्प्युटरवर गेम चढताना पाहिला की जयबा आठवतो.

सेटअप जागा मागतो तो अगदी अदबीने. 'व्हाइस सिटी' २००३ साली कॉम्प्युटरवर आला, तेव्हा त्याची मागणी ९१५ एमबीची होती आणि सगळा कारभार दोन सीड्यांत मावत होता. आताचा 'रेड डेड रिडेम्प्शन २' १५० जीबी मागतो, तोही त्याच नम्रतेने. आपण 'नेक्स्ट' दाबतो, पुन्हा 'नेक्स्ट' दाबतो, अटी कबूल म्हणून खूण करतो (त्या अटी वाचलेला माणूस मला अजून भेटायचा आहे) आणि मोकळे होतो. पण मागितलेली जागा असते ती प्रोग्रॅम फाइल्समधली. तिथे एकदा पाय टेकला की वादी सुटायला लागते. एक टोक डॉक्युमेंट्समध्ये जातं, एक अ‍ॅपडेटा नावाच्या दडवलेल्या फोल्डरमध्ये, एक रजिस्ट्रीत, एक फायरवॉलच्या परवानग्यांत. सोबत डायरेक्टएक्स वगैरे मंडळी येतात. ती दुसऱ्या प्रोग्रॅमनाही लागतात, म्हणून गेम गेला तरी त्यांचा मुक्काम हलत नाही.

आमच्या शेजारच्या वहिनींना यातलं काही सांगण्यात अर्थ नव्हता. त्यांचा धाकटा यंदा बारावीला आहे. त्यांनी एका वाक्यात काम सांगितलं, "भाऊजी, ते गाड्या पळवायचं गेम मुळासकट काढून द्या."

आधी त्यांनी स्वतः काढून बघितलं होतं. डेस्कटॉपवरचं चित्र धरून रिसायकल बिनमध्ये टाकलं, बिनही रिकामी केली. सुटलो एकदाचे, असं वाटलं. संध्याकाळी धाकटा स्टार्ट मेनूतून आत शिरला आणि समुद्रकिनाऱ्यावर पांढरी गाडी पळवत बसला. डेस्कटॉपवरचं ते चित्र म्हणजे नुसती वाट दाखवणारी पाटी असते. पाटी उपटली म्हणून गाव उठत नाही. वहिनींचा मात्र तेव्हापासून कॉम्प्युटर या जातीवरचाच विश्वास उडाला.

कॉम्प्युटर जुना, विंडोज सेव्हनवर चालणारा. थोरल्याने शिकत असताना घेतलेला. थोरला आता नाशिकला कंपनीत आहे आणि हा गेमही त्याच्याच सीडीवरून चढलेला. मी खुर्चीवर बसलो. मागे धाकटा, त्याच्या मागे वहिनी आणि कोपऱ्यात पेपर उघडून, यात आपला काही संबंध नाही अशा चेहऱ्याने, घरधनी.

कंट्रोल पॅनल उघडलं, प्रोग्रॅम्स अँड फीचर्समध्ये गेलो, यादीत 'व्हाइस सिटी'चं नाव सापडलं आणि अनइन्स्टॉल दाबलं. खरोखरच काढायचं आहे का, असं विंडोजने विचारलं. मी उत्तर द्यायच्या आत मागून "हो" आलं, आणि त्याच वेळी "काका, एक मिनिट" असंही आलं. मी बहुमताचा आदर केला. बहुमत म्हणजे वहिनी.

हिरवी पट्टी अर्ध्यावर आली आणि लाइट गेली.

श्रावणातल्या जव्हारला हे नवीन नाही. इकडे पाऊस पडतो म्हणजे आठ-आठ दिवस समोरचं घर दिसत नाही, आणि तारेवर फांदी पडायला कुणाची परवानगी लागत नाही. यूपीएसने दोन मिनिटं टाहो फोडला आणि बॅटरीने मान टाकली. वहिनींनी मेणबत्ती लावली, चहा टाकला. अंधारात धाकटा मोकळा झाला आणि मला गेमची माहिती देऊ लागला. मधेच कीबोर्डवर काही इंग्रजी शब्द टाइप केले की त्यात चमत्कार होतात. 'पॅन्झर' टाइप केलं की आभाळातून पडल्यासारखा रणगाडा समोर उभा. 'अ‍ॅस्पिरिन'च्या शेवटी एक 'ई' जास्तीचा लावला की तब्येत ठणठणीत. पोलीस हात धुऊन मागे लागले तर सलग टाइप करायचं 'लीव्हमीअलोन', की पोलीस सोडून देतात.

"आईसाठी आहे का रे असलं काही?" कोपऱ्यातून घरधनी म्हणाले.

"आईला नाही चालत ते," धाकटा म्हणाला. प्रयोग करून पाहिल्यासारखा त्याचा स्वर होता.

तासाभराने लाइट आली. यादीत गेमचं नाव होतं तसंच. पुन्हा अनइन्स्टॉल दाबलं, तर विंडोज म्हणालं की हा प्रोग्रॅम बहुधा आधीच काढला गेला असावा, नुसतं यादीतलं नाव काढू का? अर्ध्या वाटेवर गेमच्या फाइली गेल्या होत्या, काढणारा प्रोग्रॅमही स्वतःला पुसून मोकळा झाला होता, पण नोंद तेवढी शिल्लक. वहिनी म्हणाल्या, "गेलंय, तर नाव कसं?" मी म्हटलं, "वहिनी, सासऱ्यांच्या जमिनीच्या सातबाऱ्यावर आज कुणाचं नाव आहे?" त्या गप्प झाल्या. सासरे जाऊन बरीच वर्षं झाली. वारसनोंद लावायची राहिली आहे, तलाठ्याकडे उद्या जाऊ म्हणता म्हणता. रजिस्ट्री हे विंडोजचं तलाठी कार्यालयच आहे. माणूस गेल्याचं सगळ्या गावाला ठाऊक, दप्तराला नाही, कारण दप्तराला कुणी येऊन सांगितलेलं नाही. मी फेरफार करून टाकला. नाव गेलं.

इथे बरेच लोक थांबतात, आणि खरं सांगायचं तर थांबायला हरकतही नसते. रजिस्ट्रीत उरलेल्या चार ओळींनी कॉम्प्युटर मंदावतो ही समजूत पिढ्यान् पिढ्या चालत आली आहे, बाकी तिला फारसा आधार नाही. त्या ओळी पुसून देणारे वेगळे प्रोग्रॅमही मिळतात. एक प्रोग्रॅम काढण्यासाठी दुसरा आणायचा आणि मग तो काढायला माणूस शोधायचा. मी त्या वाटेला जात नाही. पण वहिनींचा शब्द होता 'मुळासकट', म्हणून प्रोग्रॅम फाइल्स उघडून बघितलं. गेमचं फोल्डर जागच्या जागी. आत बाकी सगळं साफ, फक्त 'एमपी३' नावाचं एक छोटं फोल्डर बसलेलं.

आता हा दोष मधेच गेलेल्या लाइटचा नव्हता. लाइट राहिली असती तरी ते फोल्डर राहिलंच असतं. सेटअप येताना आपण काय काय आणलं याची यादी करून ठेवतो, आणि जाताना त्या यादीबरहुकूम आपलं सामान उचलतो. जे त्याने आणलेलं नाही त्याला तो हात लावत नाही, आणि फोल्डरमध्ये दुसऱ्याचं काही दिसलं तर ते फोल्डरही मोडत नाही. भाड्याची खोली सोडून जाणाऱ्या कितीकांना एवढी रीत पाळता येत नाही, हे घरमालक सांगतील.

'व्हाइस सिटी'त एक गंमत होती. गाडीत बसलं की रेडिओ लागायचा, ऐंशीच्या दशकातली इंग्रजी गाणी. पण त्या 'एमपी३' फोल्डरमध्ये आपण आपली गाणी टाकली की रेडिओवर एक स्टेशन वाढायचं, आणि तिथे आपलं संगीत. फोल्डरमध्ये काय आहे म्हणून मी पहिली फाइल वाजवली. आधी वाऱ्याचा आवाज, माणसांची गलबल, कुणीतरी खोकलं आणि मग कडाडला संबळ. मागून पिपाणी.

वहिनी चहाचे कप घेऊन आत येत होत्या, त्या दारातच थांबल्या. "हा तर मोखाड्याचा बोहाडा!"

मोखाडा त्यांचं माहेर. बोहाडा ज्याने पाहिला नाही त्याला सांगायचं म्हणजे, रात्रभर चालणारी सोंगांची मिरवणूक. मशालींच्या उजेडात गणपती येतो, सरस्वती येते, राक्षस येतात, देवी येते. डोक्यावर भले मोठे मुखवटे, आणि संबळाच्या ठेक्यावर पुढे दोन पावलं, मागे एक. कुठलं सोंग कुठल्या घराने घ्यायचं हेही पुष्कळ ठिकाणी पिढ्यांचं ठरलेलं. थोरल्याने आजोळी गेला असताना मोबाइलवर ते रेकॉर्ड केलेलं, घरी आणून गेममध्ये घातलेलं. म्हणजे अमेरिकेच्या किनाऱ्यावरच्या त्या काल्पनिक शहरात, ताडामाडांच्या रांगेतून, उघड्या टपाची पांढरी मोटार चाललीय, मागे पोलीस लागलेत आणि गाडीच्या रेडिओवर मोखाड्याचा संबळ. गेम बनवणाऱ्यांना हे कळलं असतं तर त्यांनी काय केलं असतं कोण जाणे. मला विचाराल तर त्या शहराला या गोष्टीची गरजच होती.

"हे काढू?" मी विचारलं.

"हे कशाला? हे गेम थोडंच आहे!" वहिनी म्हणाल्या आणि कप तसेच हातात धरून पूर्ण फाइल ऐकली. खोकणारा आवाज त्यांच्या मामांचा निघाला.

मग डॉक्युमेंट्स. तिथे 'जीटीए व्हाइस सिटी यूझर फाइल्स' हे फोल्डर अपेक्षेप्रमाणे हजर. यात खेळणाऱ्याने जपून ठेवलेला डाव असतो. किती कामं झाली, पैसे किती जमले, शंभर लपवलेल्या पुड्यांपैकी किती सापडल्या, कुठलं घर विकत घेतलं, सगळं. असे आठ डाव ठेवायची सोय. एका डावाची फाइल जेमतेम दोनशे केबीची. ९१५ एमबीचं शहर ते गेमवाल्यांचं. त्या शहरात माणसाने घालवलेलं वर्ष दोनशे केबीत बसतं, पण ते त्याचं स्वतःचं असतं, म्हणून काढणारा प्रोग्रॅम ते मागे ठेवून जातो. उद्या परत आलात तर सोडलं तिथून पुढे चालू करा.

धाकटा इतका वेळ जे "एक मिनिट" म्हणत होता ते यासाठी. "काका, एक नंबरचा डाव दादाचा आहे. मी कधी त्याच्यावर सेव्ह नाही मारलं." फाइलची तारीख बघितली. थोरला नाशिकला गेला त्याच्या आदल्या आठवड्यातली.

मला या ठेवून जाण्याचं फारसं नवल वाटत नाही, त्याचं कारण आम्ही राहतो ते गाव. जव्हार संस्थान १९४८ साली मुंबई प्रांतात विलीन झालं. हे रीतसर अनइन्स्टॉलच. गादीचा कारभार उचलला गेला. राहिलेले तनखे १९७१ साली घटनादुरुस्तीने गेले, म्हणजे मागाहून केलेली रजिस्ट्रीची साफसफाई म्हणा. तरी जय विलास राजवाडा टेकडीवर आहे, पर्यटक फोटो काढतात. १९१८ साली संस्थानने स्थापन केलेली नगरपरिषद आजही आमच्याकडून घरपट्टी घेते, आणि त्या बाबतीत ती कुठूनही जुनी झालेली वाटत नाही. शिरपामाळावर शिवाजी महाराजांचा मुक्काम झाला त्याला साडेतीनशे वर्षं उलटून गेली. महाराज सुरतेला गेले, नाव माळाला राहिलं. ताजं उदाहरण हवं तर १ ऑगस्ट २०१४ रोजी आम्ही ठाणे जिल्ह्यातून निघून पालघर जिल्ह्यात आलो. धाकट्याच्या जातीच्या दाखल्यासाठी त्याच्या वडिलांचा शाळा सोडल्याचा दाखला काढला तर त्यावर ता. जव्हार, जि. ठाणे. खिडकीवरच्या माणसाला ते पटवताना त्यांची अर्धी रजा गेली होती.

तर डावाचं काय करायचं? वहिनींनी थोडा विचार केला. "ते ठेवून तो खेळू शकतो का?"

"गेमच नाही तर कसा खेळेल? नुसती फाइल आहे."

"मग राहू द्या. थोरल्याचं आहे." आणि धाकट्याकडे वळून, "तुझे दोन ते सात मात्र जातील." धाकट्याने मान डोलावली. त्याचा आठवा डाव होता हे आईला माहीत नव्हतं, आणि सांगायचं काम मी अंगावर घेतलं नाही. दोन ते सात शिफ्ट धरून डिलीट केले. आठवा आणि पहिला एका पेन ड्राइव्हवर गेले, सोबत संबळ. पेन ड्राइव्ह देव्हाऱ्याखालच्या खणात, रेशनकार्डाजवळ. तिथून तो बारावीच्या निकालाआधी निघणार नाही. परीक्षेनंतर मोखाड्याला बोहाडा असतोच, तेव्हा तसंही धाकट्याला कॉम्प्युटर आठवत नाही. मुखवट्यांमागे रात्रभर फिरतो आणि दिवसभर आजीकडे झोपतो.

"झालं?" वहिनींनी विचारलं. "आता या डब्यात एकही गेम नाही ना?"

खोटं कशाला बोलायचं? मी म्हटलं, विंडोजचे स्वतःचे आहेत, पत्त्यांचे वगैरे. ते काढायच्या यादीत दिसतच नाहीत. टर्न विंडोज फीचर्स ऑन ऑर ऑफ म्हणून एक वेगळी खिडकी आहे, तिथे 'गेम्स'समोरची खूण काढली की झालं, एका मिनिटाचं काम.

"मग काढा की!"

कोपऱ्यात पेपर खाली आला. "मास्तर," घरधनी म्हणाले, "ते पत्ते राहू द्या. ते गेम नाही. आणि माझा डाव अर्धा मांडलेला आहे."