झोपून ऑस्कर मिळवणारा बाप्या

"वहिनी, ती चादर वाळत घाला नि या जरा इकडे. काल नातवानं मोबाइलवर एक जुनी इंग्रजी फिल्म दाखवली, 'हाऊ टु स्लीप'. १९३५ची, जेमतेम दहा मिनिटांची. एक मिशाळ, गुबगुबीत गृहस्थ प्रोफेसराच्या थाटात झोपेवर व्याख्यान झोडतोय आणि प्रात्यक्षिकाला पलंगावरही तोच! तोंडानं शास्त्र चालू, पण बिचाऱ्याला ना या कुशीवर चैन, ना त्या."

"कोण हो हा?"

"रॉबर्ट बेंचली. तो 'जॉज' कादंबरीवाला पीटर बेंचली ना, त्याचा आजोबा. 'न्यू यॉर्कर'मध्ये नाटकांवर लिहायचा, म्हणजे डोकं तल्लख हो. पण पडद्यावर स्वतःचंच सोंग. चेहरा तोच, आवाज तोच, धांदरटपणा तेवढा चौपट."

"मग आमच्या ह्यांनाही घेतील की सिनेमात!"

"ऐका तर. १९२२ साली मित्रमंडळींनी हौसेनं एक खेळ बसवला. त्यात हा झाला बदली खजिनदार. हिशेब वाचायला उभा राहतो, आकड्यांत अडखळतो, एक वाक्य धड शेवटाला जाईल तर शपथ!"

"अगबाई, ही तर आपल्या सोसायटीची वार्षिक सभा!"

"अगदी! आयर्विंग बर्लिन, तो मोठा संगीतकार, त्यानं आठवड्याला ५०० डॉलर देऊन आपल्या कार्यक्रमात रोज तेच करायला लावलं. पुढं १९२८ला फॉक्स या फिल्म कंपनीनं त्याच सोंगाचा छोटा बोलपट काढला. एका रात्रीची गंमत, जन्माला चिकटली."

"पैसे मिळत होते ना? मग चिकटू दे. बरं, ते झोपेचं काय?"

"हां, खरी मेख तिथंच. सिमन्स म्हणून गादीवाली कंपनी. माणूस झोपतो कसा, याचा त्यांनी मेलन इन्स्टिट्यूटकडून अभ्यास करवून घेतलेला. एमजीएम या फिल्म कंपनीनं 'हाऊ टु स्लीप'मध्ये त्याचीच टिंगल केली. दोन दिवसांत शूटिंग खलास, वर ऑस्कर! बेंचली म्हणे सांगायचा, बराचसा वेळ अंथरुणातच होतो, कष्ट कसले त्यात?"

"गादीवाले भडकले असतील."

"छे! त्यांनी फिल्ममधला फोटो उलट जाहिरातीत लावला. नाकं मुरडली ती संशोधकांनी."

"मुरडणारच हो! यांनी रात्र रात्र जागून लोकांच्या कुशी मोजायच्या आणि ऑस्कर न्यायचं लोळणाऱ्यानं?"