कंपनीचे आप्पा

तळेगाव दाभाड्यात संध्याकाळी पहिली पाळी सुटून घरचा चहा झाला, की कुठल्याही मोकळ्या जागेपाशी थांबावं. चुन्याच्या रेषा, दहा-बारा उघडी पोरं आणि मधोमध खाली ट्रॅकपँट, वर कंपनीचा निळा शर्ट घातलेला एक पन्नाशीचा गृहस्थ दिसेल. तेच आप्पा. मावळात असे आप्पा गावोगाव आहेत. पाळण्यातलं नाव फक्त पगाराच्या स्लिपवर येतं. शिट्टी गळ्यात नसते, दातांत असते. त्यामुळे ‘पाय मागं घे’ हे ‘हाय हागं घे’ असं ऐकू येतं, पण पोरं पाय बरोब्बर मागं घेतात.

आप्पा कंपनीत लागले ते कबड्डीवर. पिंपरी-चिंचवड पट्ट्यात तेव्हा कारखान्याला युनियन असायची तशी टीमही असायची. भरतीच्या वेळी साहेबांनी मार्कशीट उघडली नाही, मांडी दाबून पाहिली. कागदोपत्री हेल्पर, प्रत्यक्षात उजवा कोपरारक्षक. सरावाला दोन तास आधी आउटपास, स्पर्धेला भरपगारी रजा. पुढे एका सामन्यात गुडघा गेला आणि आपल्या नावावर एक ड्रिल मशीन आहे, हे आप्पांना पहिल्यांदाच कळलं. मशीनलाही आप्पा नवीनच होते. यथावकाश टीमही बंद झाली. साहेब बदलला की पहिली कात्री खेळावर चालते, हे काही एकाच कारखान्याचं दुखणं नाही. आप्पांनी मग पोरं गोळा केली. गुडघ्याला जमत नव्हतं ते सगळं आता पोरांकडून करून घ्यायचं होतं.

आप्पांचा पुतण्या लीड्सला असतो. त्यानं एकदा काकांना मोबाइलवर रग्बी लीगचा सामना दाखवला. एका बाजूला तेरा गडी, अंगावर येणाऱ्याला आडवा पाडायचा. आप्पा सरसावून बसले. पण पाडलेला गडी उठला, त्यानं टाचेनं चेंडू मागं सरकवला आणि खेळ पुढं चालू!

‘‘अरे, पकड झाली ना? मग बाद कोण?’’

‘‘बाद कुणीच नाही, काका. सहा वेळा पकडलं की चेंडू दुसऱ्यांना.’’

‘‘सहा वेळा! त्यापेक्षा चेंडू आधीच देऊन टाकावा, कपडे तरी खराब होत नाहीत.’’

या खेळाची जन्मकथा ऐकल्यावर मात्र आप्पांचं मत पालटलं. उत्तर इंग्लंडातले रग्बीपटू खाणीत नाहीतर गिरणीत कामाला. सामन्याला जायचं तर रोज बुडायचा. क्लब म्हणाले, खाडा भरून देऊ. वरचे साहेबलोक म्हणाले, पैसे घेऊन खेळणं सभ्यपणाचं नाही. तेव्हा २९ ऑगस्ट १८९५ ला हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात त्या क्लबांनी वेगळी चूल मांडली आणि खाड्याचे दिवसाला सहा शिलिंग ठरवले. आप्पा बराच वेळ गप्प होते. मग म्हणाले, ‘‘म्हणजे आपल्यातलीच माणसं की रे.’’ तेव्हापासून चाकण रस्त्यावरच्या कुठल्याही कारखान्यात ओव्हरटाइमचा विषय निघाला, की आप्पा हडर्सफील्ड काढतात.

शिकवण्याच्या बाबतीत आप्पा मातीचे. बालेवाडीत मॅट आहे, टीव्हीवर मॅट आहे, पण पायात बूट घालून कबड्डी म्हणजे आप्पांना सोवळ्यात चप्पल वाटते. पोरं प्रदीप नरवालची डुबकी मोबाइलवर बघून येतात. आप्पा म्हणतात, ‘‘डुबकी आम्ही इंद्रायणीत मारायचो. आधी निदानरेषा ओलांड.’’ शांताराम जाधवांना आपण एकदा हात लावला होता, असंही सांगतात. सामन्यात की सत्कारात, ते विचारायचं नसतं.

पंचावन्न किलो गटाच्या सामन्याआधी आप्पा पोरांना भंगारवाल्याच्या काट्यावर उभं करतात. काटा मोठा आहे आणि फुकट आहे. अडचण एवढीच, की भंगारवाल्याच्या काट्यावर माल कमीच भरतो. मग स्पर्धेच्या ठिकाणी पोरगं सातशे ग्रॅम जास्त निघतं आणि भर उन्हात स्वेटरवर रेनकोट चढवून रस्त्याला पळत सुटतं. मागून मोटारसायकलवर आप्पा: ‘‘थुंक! थुंकत पळ!’’

आया-बाप येतात ते दोन प्रश्न घेऊन. सरकारी नोकरीत खेळाडूंना पाच टक्के जागा असतात, त्याचं सर्टिफिकेट कधी मिळेल? आणि प्रो कबड्डीत आमच्याला किती मिळतील? २०१४ च्या पहिल्या लिलावात राकेश कुमारला सर्वाधिक, १२ लाख ८० हजारांची बोली लागली; २०२३ मध्ये पवन सेहरावत अडीच कोटींच्या वर गेला. हे आकडे बापांना पाठ असतात. आप्पा ऐकून घेतात आणि विचारतात, ‘‘पोराला रोज दोन अंडी देता का?’’ इथं बोली थांबते.

खरे आप्पा सामन्याला बघावेत. पोरगं दम घेऊन चढाईला गेलं, की बाहेर आप्पांचा श्वास बंद. चढाई तीस सेकंदांची. वीस सेकंदांनंतर आप्पा वांग्याच्या रंगाचे होतात. आत पोरगं बोनसला पाय टाकतं, बाहेर आप्पांचा पाय शेजारच्या खुर्चीवर पडतो. परवा असाच शेवटचा बोनस पंचांनी नाकारला आणि एका गुणानं सामना गेला. मागचा पाय हवेत होता, हे पटवण्यासाठी आप्पा स्वतः एका पायावर उभे राहिले. पाय नेमका दुखरा निघाला. पंचांनी आणि प्रतिस्पर्धी संघाच्या दोघांनी मिळून त्यांना खुर्चीवर बसवलं; गुण काही दिला नाही.

हरलेलं पोरगं डोळे पुसत नमस्काराला वाकलं.

‘‘खाली, अजून खाली,’’ आप्पा ओरडले, ‘‘पायाला लाव हात! गुडघ्याला नको!’’