तिनाला अकरा पैसे कमी

औषधाच्या दुकानातली रांग अडली की समजायचं, पुढे अप्पा आहेत. प्रत्येक सोसायटीत एक अप्पा असतातच. निवृत्त, बहुधा हिशेब खात्यातून. खिशाला दोन पेनं, हातात कापडी पिशवी आणि कॅल्क्युलेटरबद्दल खानदानी तुच्छता.

पंधरा गोळ्यांची पट्टी ४३ रुपये ३५ पैशांना, म्हणजे गोळी २.८९ला. अप्पांना हव्यात सात. काउंटरवरचा पोरगा बटणं दाबायला जातो तोच अप्पांचे डोळे अर्धे मिटतात.

"दोन एकोणनव्वदशी कशाला झटापट? सरळ तीन धर. तीन साती एकवीस. आता दर गोळीला अकरा पैसे जास्त धरलेत, ते परत कर. अकरा साती सत्त्याहत्तर. राहिले वीस तेवीस."

यंत्रावर २०.२३ उमटतं. अप्पा मागे वळतात, शाल-श्रीफळ कोण आणतंय ते बघायला.

सव्वा किलो कांद्यांचंही तेच. दर चौतीस साठ. त्यात त्याचा पाव, आठ पासष्ट. झाले त्रेचाळीस पंचवीस. पावकी, निमकी, सव्वाकी मास्तरांनी छडीच्या टोकावर पाठ करून घेतलेली, ती आजही टोचते. सोळा आण्यांचा, चौसष्ट पैशांचा रुपया कसाबसा घोकून झाला, आणि सरकारने १९५७मध्ये त्याचे शंभर नवे पैसे केले. तेही १ एप्रिलला! ही थट्टा अप्पांनी अजून माफ केलेली नाही.

पंचवीस पैशांचं नाणंसुद्धा २०११च्या जूनअखेर चलनातून गेलं. तेव्हा वरचे तेवीस पैसे द्यायचे कशाने, हा प्रश्न त्यांना पडत नाही. दुकानदार "वीसच द्या हो अप्पा" म्हणाला की मात्र चेहरा उतरतो. इतकं चोख उत्तर काढावं आणि ते कुणी घेऊच नये! (तीन रुपयांची सूट मिळाली असती तर उतरला नसता, हे आपलं माझं मत.)

परवा नातवाने गणिताचं पुस्तक पुढे धरलं. "आजोबा, तुम्ही करता ना, तिनाने गुणायचं, अकरा पैशांनी वेगळं गुणायचं आणि वजा करायचं, त्याला वितरण गुणधर्म म्हणतात."

अप्पा हरखले. स्वयंपाकघराकडे तोंड करून ओरडले, "ऐकलंस का गं? माझ्यात वितरणाचा गुणधर्म आहे म्हणे!"

आतून कुकरच्या शिट्टीआधी उत्तर आलं, "मग त्या दूधवाल्याला करा की थोडं वितरण. तीन दिवस झाले, बिचारा हात हलवत परत जातोय."