प्रभावळकर नेमके कोणते?

मराठी घरात दिलीप प्रभावळकरांचं नाव काढा, कोण कोणत्या काळात टीव्हीसमोर बसायला लागलं ते लगेच कळतं. ‘म्हणजे आपला चिमणराव ना?’ असं विचारणारी आत्या सत्तरीच्या पुढची. ‘आबा टिपरे!’ म्हणणारी वहिनी चाळिशीतली. आणि जो काही न बोलता कपाटावरच्या बाहुल्याकडे बघतो, त्याचं बालपण ‘झपाटलेला’च्या धाकात गेलं असं खुशाल समजावं. आधार कार्ड बघायची गरज नाही.

आत्याचा हक्क पहिला. दूरदर्शनच्या ब्लॅक अँड व्हाइट दिवसांत चि. वि. जोशींचा चिमणराव पडद्यावर आला, तेव्हा तो वाचकांच्या डोक्यात आधीच ठाण मांडून बसला होता. पुस्तकातलं माणूस पडद्यावर आलं की एरवी ‘छे, हा तो नव्हेच’ म्हणायचा आपला रिवाज. इथे उलट झालं. बाळ कर्व्यांच्या दणकट गुंड्याभाऊच्या शेजारी ती पगडी, तो घाबराघुबरा चिरका आवाज... पुढे पुस्तक उघडलं तरी कानात तोच आवाज यायला लागला.

बहुतेक नट वय चोरतात. हे गृहस्थ उसनं घेतात. ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’ 2001 साली सुरू झाली तेव्हा प्रभावळकर 57 वर्षांचे होते. आबा मात्र नातवंडांचे आजोबा, मुलाला बारीक चिमटे काढणारे आणि नातवाच्या भानगडीत गुपचूप सामील होणारे. मालिका ज्या ‘अनुदिनी’वरून निघाली, तेही त्यांचंच लिखाण. म्हणजे म्हातारपण आधी लिहून काढलं, मग जगून दाखवलं. खरं वय मागाहून सावकाश आलं. त्याच्या कितीतरी आधी, ऐन उमेदीत, रत्नाकर मतकरींच्या ‘अलबत्या गलबत्या’त हेच गृहस्थ चेटकीण झाले होते. त्या चेटकिणीचं वय कोण विचारणार!

पण माझं खरं कुतूहल वेगळंच आहे. सिनेमातल्या त्यांच्या ज्या दोन भूमिका सर्वांना ठाऊक, त्या दोन्ही मेलेल्या माणसांच्या आहेत. ‘झपाटलेला’मध्ये (1993) तात्या विंचू गोळी खाऊन मरतो आणि त्याचा आत्मा बाहुल्यात शिरतो. पुढे पडद्यावर रामदास पाध्यांचा बाहुला आणि प्रभावळकरांचा आवाज. म्हणजे बहुतेक सिनेमाभर चेहरा गैरहजर, आणि तरी मुलं रात्री घाबरायची ती यांनाच. मग 2006 मध्ये ‘लगे रहो मुन्नाभाई’. तिथे गांधीजी जवळजवळ सिनेमाभर फक्त मुन्नाला दिसतात. तात्या विंचू सगळ्यांच्या मानेवर बसायला निघालेला, आणि बापू एकाच्याच डोक्यात, तेही हळू आवाजात सल्ला देत. अहिंसेचं भाषण ठोकायची संधी असताना ते घरच्या वडीलधाऱ्यासारखे बोलतात, ही त्या कामाची सगळ्यात अवघड बाजू. सिनेमात या साऱ्याला ‘केमिकल लोचा’ म्हटलं जातं. रसायनशास्त्र शिकून औषध कंपनीत नोकरी केलेल्या नटाच्या वाट्याला हे निदान यावं, हा योग भारीच. या बापूंसाठी आणि ‘शेवरी’तल्या कामासाठी मिळून त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ‘शेवरी’ किती जणांनी पाहिला, हे मात्र विचारू नका.

त्यांची विनोदी माणसंच आपण जास्त घोळवतो, हे जरा अन्यायाचं आहे. ‘नातीगोती’त त्यांनी मतिमंद मुलाचा बाप केला आणि ‘चौकट राजा’त (1991) स्वतःच मतिमंद नंदू झाले. एकाच दुःखाच्या दोन्ही बाजूंना उभं राहायला मिळणं नटाच्या नशिबात फार क्वचित येतं. त्याच सुमारास ‘हसवा फसवी’त स्वतःच लिहिलेल्या सहा भूमिका एकट्याने करत होते. विंगेत कपडे बदलायला मदत करणाऱ्यांना वेगळं बक्षीस द्यायला हवं होतं, असं माझं प्रामाणिक मत आहे.

2025 मध्ये ‘दशावतार’ आला. ऐंशी पार केलेले प्रभावळकर त्यात कोकणातले दशावतारी बाबुली मेस्त्री झाले, आणि तिथेही एका सोंगावर भागलं नाही. आता धाकट्या पिढीलाही आपला हक्काचा प्रभावळकर मिळाला. आत्या अर्थात अजून चिमणरावावरच अडून आहे.