शिक्केकाका

तुमच्या टूरवर ते होतेच. नाव वेगळं असेल, टोपी तीच असणार. मुंबई विमानतळावर टूर मॅनेजर अजून बॅगांना लावायचे बिल्ले वाटत असतो, तेवढ्यात हे गृहस्थ ओळखपाळख नसताना जवळ येतात आणि विचारतात, "तुमचे किती झाले?" आमच्या गटातल्या डॉक्टरीणबाईंनी भाबडेपणानं सांगून टाकलं, "दोन. दोघंही बंगळूरला असतात." काकांच्या चेहऱ्यावर काही उमटलं नाही. त्यांना देश हवे होते. "आमचे एकतीस झाले. हे तीन धरून चौतीस." आणि कुणी पुढचं विचारेल याची वाट न बघता, "व्हॅटिकन धरून."

हे तीन म्हणजे लिथुएनिया, लात्व्हिया आणि एस्टोनिया. बाल्टिक समुद्राच्या काठानं दक्षिणेकडून उत्तरेकडे ओळीनं लागणारे तीन चिमुकले देश. तिघांची लोकसंख्या मिळून साठ लाखांच्या आसपास, म्हणजे मुंबईच्या निम्मीही भरत नाही. काकांनी ही सहल का निवडली, ते त्यांनी विमानातच सांगितलं. आठवड्याभरात तीन देश पदरात पडत होते. "दर देशी खर्च काढा तुम्ही. स्वित्झर्लंडला गेलात की सगळे पैसे एकाच देशात अडकतात."

जाहिरातीत 'छोटा ग्रुप' हे शब्द ठळक छापतात. घरगुती वातावरण, प्रत्येकाकडे वैयक्तिक लक्ष, वगैरे. खरं तर पन्नास माणसांच्या मोठ्या बसमध्ये असा एखादा माणूस विरघळून जातो. छोट्या बसमध्ये तो प्रत्येकाच्या वाट्याला सकाळी एकदा आणि संध्याकाळी एकदा येतोच.

काकांकडे एक वही होती. दोन रकाने: 'मुक्काम' आणि 'पारगमन'. दोहा पारगमनात. इस्तंबूलच्या विमानतळावर सहा तास काढले, बकलावा खाल्ला, काकूंची चप्पल तुटली म्हणून नवी घेतली, तरी तुर्कस्तान पारगमनातच. नियम म्हणजे नियम. देशाचं नाव आधी पेन्सिलीनं लिहायचं आणि पासपोर्टवर शिक्का बसला की त्यावर पेन फिरवायचं. लिश्टेनश्टाईन आणि सान मारिनो या दोन टिकल्यांएवढ्या देशांत पर्यटकांना पैसे घेऊन हौसेचा शिक्का मारून देतात. काकांनी दोन्हीकडे तो मारून घेतला होता आणि दोन्ही नावं शाईत होती. बाकी तिथं काय पाहिलं, हे विचारल्यावर त्यांनी काकूंकडे बघितलं. काकू म्हणाल्या, "पाऊस होता."

पहिला घाव व्हिल्नियसला बसला. विमानतळावर लिथुएनियाचा शिक्का छान ठसठशीत उमटला होता, काका बसमध्ये तो सगळ्यांना दाखवत होते. टूर मॅनेजर पोरगा माईकवरून माहिती देत होता. त्यात त्यानं सहज सांगितलं, की हे तिन्ही देश २१ डिसेंबर २००७ पासून शेंगेनमध्ये आहेत, त्यामुळे आपल्याला सीमेवर कुठंही थांबावं लागणार नाही. बसमध्ये टाळ्या पडल्या. काकांचा हात वर गेला.

"मग शिक्का?"

"एक इथं, येताना बसला तो. दुसरा टाल्लिनहून परत निघताना, एस्टोनियाचा."

काकांनी बोटांवर काहीतरी मोजलं. "म्हणजे मधला लात्व्हिया कोरडा?"

त्या क्षणापासून आमची सहल एका कोरड्या देशाच्या दुखवट्यात गेली. ट्राकाईला गाल्वे तळ्यातल्या बेटावर चौदाव्या-पंधराव्या शतकातला तांबड्या विटांचा किल्ला आहे, लाकडी पुलावरून आत जायचं. पुलावर सगळे फोटो काढतायत आणि काका टूर मॅनेजरला विचारतायत, "लात्व्हियाच्या वकिलातीत गेलं तर?" जेवायला बीटचं थंडगार गुलाबी सूप आलं, हुबेहूब सोलकढी दिसणारं, आणि सगळी मराठी मंडळी पहिल्या घोटाला एकमेकांची तोंडं बघत असताना काका पुटपुटले, "पैसे तीन देशांचे घेतलेत."

व्हिल्नियसमध्ये उझुपिस नावाची एक वस्ती आहे. तिथल्या कलावंतांनी १ एप्रिल १९९७ रोजी स्वतःचं प्रजासत्ताक जाहीर करून टाकलं. झेंडा आहे, राष्ट्राध्यक्ष आहे, भिंतीवर अनेक भाषांत लावलेली राज्यघटना आहे. मांजरानं मालकावर प्रेम करायलाच हवं असं नाही, पण अडीअडचणीला मदत केली पाहिजे, असं त्यातलं एक कलम. हे सगळं थट्टेतलं आहे हे गाईडनं नीट समजावलं. मात्र शेवटी तिनं एक चूक केली. इथं हौसेनं शिक्काही मारून देतात, म्हणाली. काका पासपोर्ट काढून पुढे. टूर मॅनेजरनं त्यांचा हात अक्षरशः धरला. "काका, पाया पडतो. असल्या शिक्क्यानं पासपोर्ट बाद धरला तर मला घरी जाता येणार नाही." शेवटी शिक्का वहीवर घेतला. मग रात्री जेवणाच्या टेबलावर चर्चा: उझुपिस मुक्कामात की पारगमनात? निवृत्त बँक मॅनेजरबाई म्हणाल्या, मुळात तो देशच नाही. "राज्यघटना आहे," काका म्हणाले. "राष्ट्राध्यक्ष आहे. व्हॅटिकनमध्ये याहून जास्त काय आहे?" यावर कुणालाच पटकन उत्तर सुचेना.

शाउलाईजवळ क्रुसांची टेकडी आहे. सोव्हिएत राजवटीनं ती १९६१ पासून पुन्हा पुन्हा बुलडोझर लावून सपाट केली आणि लोकांनी पुन्हा पुन्हा रात्री येऊन तिथं क्रूस रोवले. आता लहानमोठे मिळून लाखाच्या वर असतील, असं गाईड म्हणाली. वाऱ्यानं बारके क्रूस एकमेकांवर वाजत होते, आमच्यातल्या एकदोघींचे डोळे भरून आले होते. काकांनी विचारलं, "मोजले कुणी?"

आणि त्याच दुपारी तो प्रकार घडला. पोटभर जेवण, गुळगुळीत रस्ता, दोन्ही बाजूंना राईची शेतं. काका घोरत होते. बस लिथुएनियातून लात्व्हियात शिरली तेव्हा एक निळी पाटी खिडकीवरून सरकली, बस्स. ते जागे झाले तेव्हा आम्ही परदेशात बरेच आत पोचलो होतो. "सीमा?" त्यांनी विचारलं. "गेली," मी म्हटलं. त्यानंतर काकांनी बस मागं घ्यायची जी मागणी केली, ती चालकाला कुठल्याही भाषेत समजावणं टूर मॅनेजरला शक्य नव्हतं. "अहो, मला उठवायचं नाही का?" काका काकूंवर उखडले. काकू शांतपणे म्हणाल्या, "म्हटलं, एक तरी देश झोपेत जाऊ दे."

रुंडालेचा राजवाडा सेंट पीटर्सबर्गचा विंटर पॅलेस बांधणाऱ्या रास्त्रेल्लीनं बांधला. काकांनी तो रुसून पाहिला. रिगामध्ये त्यांचा शिक्क्याचा शोध उघड उघड सुरू झाला. हॉटेलच्या रिसेप्शनवर, औषधाच्या दुकानात, संग्रहालयाच्या तिकीट खिडकीवर. रिगाचा मध्यवर्ती बाजार जुन्या झेपेलिन हवाई जहाजांच्या प्रचंड शेडमधली सामग्री वापरून उभारलेला आहे. तिथं धुरावलेल्या माशांच्या गाळ्यापाशी काकांनी रांग अडवून धरली होती, कारण त्यांना दोन युरोचं लात्व्हियाचंच नाणं सुटं हवं होतं. युरो तिन्ही देशांत चालतो, पण नाण्याची एक बाजू ज्याची त्याची: लिथुएनियाचा घोडेस्वार, लात्व्हियाची वेणीवाली मुलगी, एस्टोनियाचा नकाशा. गाळेवाल्या बाईनं गल्ला उलटा करून त्यांना हवं ते नाणं शोधून दिलं. काका मासे खात नाहीत. नाणं घेऊन निघाले.

रिगाच्या स्वातंत्र्य स्मारकापाशी आमची गाईड थोडं थांबून बोलली. २३ ऑगस्ट १९८९ रोजी, हिटलर आणि स्टालिन यांच्या राजवटींमधल्या कराराला पन्नास वर्षं झाली त्या दिवशी, व्हिल्नियसपासून रिगामार्गे टाल्लिनपर्यंत सहाशेहून अधिक किलोमीटर लोक हातात हात धरून उभे राहिले. वीस लाख माणसं असावीत, असा अंदाज. आम्ही सगळ्यांनी एकाच वेळी काकांकडे बघितलं. त्यांनी निराश केलं नाही.

"मोजले कुणी?"

टूर मॅनेजरनं शरमेनं भाषांतर केलं. पन्नाशीच्या त्या बाई हसल्या. तेव्हा त्या शाळेत होत्या आणि वडिलांचा हात धरून इथून थोड्या पुढे उभ्या होत्या. "मी एक," त्या म्हणाल्या. "बाकीचे तुम्ही मोजा." काकांनी वही काढली. मला वाटलं, आता हा माणूस खरंच मोजायला बसणार. त्यांनी तारीख लिहून घेतली आणि वही मिटली.

एस्टोनियाच्या सीमेवर टूर मॅनेजरनं धोका पत्करला नाही. बस थांबवली, काकांना हलवून उठवलं. रस्त्याच्या कडेला जुन्या तपासणी नाक्याची इमारत होती: मोठं छप्पर, धूळ बसलेल्या काचा, आत कुणी नाही. आम्ही पाटीशी फोटो काढून परत आलो, तरी काका त्या नाक्याभोवतीच घुटमळत होते. खिडकीची उंची त्यांनी हातानं मोजली.

"ही चुकली," ते म्हणाले. "ड्रायव्हरला गाडीतून उतरावं लागत असणार. इथल्या थंडीत, रात्रपाळीला? आमच्याकडे चौथरा उंच होता. त्यानं हात बाहेर काढला की पावती हातात."

मग कळलं. मुंबईच्या वेशीवरच्या जकात नाक्यावर त्यांची सगळी नोकरी गेली. शहरात येणारा माल कुठला, नुसता पलीकडे जाणारा कुठला, पावती, शिक्का, पुढची गाडी. हे ऐकताना बसमधल्या प्रत्येकानं मनातल्या मनात एकतीस देशांचा खर्च जकात नाक्याशी जोडून बघितला. मीही. काकूंनी तो हिशेब आमच्या चेहऱ्यांवर वाचला असावा. "माझ्या आईनं वसईला जागा ठेवली होती," त्या कुणालाही उद्देशून नाही अशा सुरात म्हणाल्या. "ती विकली." बँक मॅनेजरबाईंना एकदम खिडकीबाहेर काहीतरी दिसलं.

"२०१७ साली जीएसटी आला," काका सांगत होते. "तीस जूनची रात्रपाळी माझी. बाराला पावतीपुस्तक मिटलं. गाड्या थांबायच्या त्या थांबेचनात, हॉर्न वाजवत सरळ निघून गेल्या. त्यांचं बरोबरच होतं म्हणा. मला मग मालमत्ता करात टाकलं. तिथं बसून कोण कुठून आलं नि कुठं चाललं, काही म्हणून कळत नाही."

सोव्हिएत काळात या तिघांच्या मधे सीमेवर कुणी अडवत नव्हतं. स्वातंत्र्य आलं तसे नाके आले, शिपाई आले, शिक्के आले. आपला देश आहे याचा तो पुरावाच होता. सोळा-सतरा वर्षांत त्यांनी तो स्वखुशीनं काढून टाकला. हे मी काकांना सांगितलं. त्यांनी छपराकडे बघत विचारलं, "तीन पाळ्या धरल्या तरी तीसचाळीस माणसं असतील इथं. त्यांना कुठं टाकलं असेल हो?"

गाईडला ते माहीत नव्हतं. आम्हाला तर हा प्रश्नही सुचला नसता.

टाल्लिन सुरेख आहे. जुनी तटबंदी, बुरूज, निदान १४२२ पासून चालू असलेलं औषधाचं दुकान. काकांनी तिथंही शिक्का मागितला, पण आता आमच्यातलेच दोघेतिघे त्यांच्या वतीनं दुकानदाराशी बोलायला पुढे झाले. परतताना एस्टोनियाचा शिक्का बसला, तोही जुन्या शिक्क्यावर अर्धा चढलेला. काका इमिग्रेशनच्या काचेशी वाद घालणार, तेवढ्यात डॉक्टरीणबाईंनी त्यांना पुढे ढकललं.

त्यानंतर त्यांचा फोन येतो, साधारण शोकवार्ता असली की. १२ ऑक्टोबर २०२५ पासून शेंगेनच्या बाहेरच्या सीमांवरही शिक्क्यांच्या जागी बोटांचे ठसे, चेहऱ्याचा फोटो आणि संगणकातली नोंद सुरू झाली, टप्प्याटप्प्यानं. काका दहा मिनिटं बोलले. क्रोएशिया २०२३ लाच गेला होता हातातून, रोमानिया-बल्गेरिया २०२५ च्या एक जानेवारीला. आता सगळाच खंड कोरडा. "लात्व्हिया तर आता कायमचा पेन्सिलीत," ते म्हणाले. मी काहीतरी सांत्वनपर बोललो. तेवढं बोलून ते एकदम ताजेतवाने झाले.

"बाल्कन!" ते ओरडले. "सर्बिया, बोस्निया, मॉन्टेनेग्रो, अल्बेनिया, उत्तर मॅसिडोनिया. छोटा ग्रुप आहे. प्रत्येक वेशीवर गाडी थांबते. सीझनला तास-तास रांग लागते म्हणतात." रांगेचं हे वर्णन त्यांनी ज्या गोडीनं केलं, त्या गोडीनं मी कुणाला समुद्रकिनाऱ्याचंही करताना ऐकलेलं नाही. "येताय ना? डॉक्टरीणबाई हो म्हणाल्यात."

विचार करून सांगतो, म्हटलं.

"करा, करा," काका म्हणाले. मागून काकूंचा आवाज आला, की यांनी तुमच्या नावाचं पान काढून पाचही देश लिहून ठेवलेत. कशानं लिहिलेत, ते मी विचारलं नाही.