तांडेल आधी नाहीच म्हणतो

दुसऱ्या बेटावर जायचं तर आधी धक्क्यावर जावं लागतं, तिथे होडीवाल्याला गाठावं लागतं, आणि तो आधी नाहीच म्हणतो. जंजिऱ्यासमोरच्या राजपुरीच्या पोरांना हे दुधाचे दात पडायच्या आत कळतं. ठाण्यात वाढलेल्या माझ्या भाच्याला ते कळायला इंजिनिअरिंगची पदवी आणि ‘स्कायरिम’ नावाचा खेळ लागला.

दिवाळीला तो मुरूडला येतो. पूर्वी आल्या आल्या किनाऱ्यावर पळायचा, आता ओसरीवर लॅपटॉप मांडून बसतो. समोर माडांच्या फटीतून समुद्रातला पद्मदुर्ग किल्ला दिसतो आणि याच्या पडद्यावर बर्फ पडत असतं. मी तहसील कार्यालयातून अव्वल कारकून म्हणून निवृत्त झाले. दुसऱ्याच्या कामात डोकावून त्रुटी काढण्याचाच आयुष्यभर पगार घेतला, तेव्हा खुर्ची ओढून मीही शेजारी बसते.

खेळ तसा जुना, २०११ चा. बेथेस्डा नावाच्या अमेरिकी कंपनीने काढलेला. थंडगार मुलूख, तलवारी, जादू आणि आभाळात ड्रॅगन. ड्रॅगन मारून त्यांचे आत्मे गिळणारा जो कोणी, तो आपला नायक. एवढ्याने लोकांचं मन भरेना, म्हणून २०१२ च्या डिसेंबरात कंपनीने ‘ड्रॅगनबॉर्न’ नावाची पुरवणी काढली. ही पुरवणी म्हणजे दोन-चार नवी हत्यारं नव्हेत. सोल्सथाइम नावाचं अख्खं बेट. आणि तेही नवं नाही. २००३ साली ‘मॉरोविंड’ या आधीच्या खेळाच्या पुरवणीत कंपनीने लोकांना याच बेटावर नेलं होतं. म्हणजे वहिवाट जुनी.

भाच्याची तक्रार अशी, की पैसे भरले, सगळं उतरवून घेतलं, पण बेट काही सापडत नाही. या खेळात एकदा एखाद्या गावाला पाय लागला की पुढच्या वेळी नकाशावर बोट ठेवलं तरी पोचता येतं. सोल्सथाइमला ही सोय नाही. पोरगा नकाशा वरखाली, उजवीडावीकडे ओढत होता. शेवटी मी विचारलं, “धक्का कुठंय?”

“काय?”

“बेट आहे म्हणतोस, मग अलीकडे कुठेतरी धक्का असणार. धक्का असला की होडी असणार. नकाशा काय चिवडतोयस, धक्क्यावर जा.”

धक्का निघाला विंडहेल्म या शहराच्या तटाबाहेर, आणि तिथे ‘नॉर्दर्न मेडन’ नावाचं गलबतही निघालं. पण त्याआधी एक भानगड झाली. एका शहरात मुखवटे घातलेले दोघे आडवे आले. तूच का तो, म्हणून विचारलं आणि उत्तराची वाट न बघता अंगावर धावले. भाच्याने दोघांना आडवं करून खिसे तपासले तर आत चिठ्ठी: बेटावरून अमुक गलबताने निघा, विंडहेल्मला उतरा, या या माणसाला ठार करा आणि परत येऊन कळवा. खुनाला निघालेली माणसं लेखी आदेश खिशात घेऊन हिंडतात हे मला फारच आवडलं. नुसता जावक क्रमांक तेवढा राहिला होता.

आता गलबताचा तांडेल. नाव ग्यालुंड सॉल्ट-सेज, म्हणजे आडनावातच मीठ. भाचा त्याच्यापुढे उभा राहून म्हणाला, सोल्सथाइमला ने. तो म्हणाला, नाही नेणार. मुखवटेवाले गलबतावर चढले एवढं आठवतं, मधले दिवस कुठे गेले ते आठवत नाही, शुद्धीवर आलो तो इथे. आता मी परत त्या बेटाचं नाव काढत नाही.

मी सरसावून बसले. इतका वेळ ड्रॅगन उडत होते, मेलेली माणसं उठून लढत होती, ते सगळं मी सौजन्य म्हणून बघत होते. हे मात्र खरं होतं. हा माणूस मला माहीत होता. वारा पडलाय, भरती लागलीय, माणसं भरली नाहीत, जेवायची वेळ झालीय, परवा एक पर्यटक मोबाइल काढताना पाण्यात पडला तेव्हापासून मन लागत नाही... नकाराचा मजकूर बदलतो, सूर तोच.

पडद्यावर पर्याय आले: त्याची समजूत घाल, पैसे मोज, नाहीतर दम दे. भाच्याची हाडं मजबूत, तलवार चकचकीत. तो दम द्यायला निघाला. मी त्याचा हातच धरला. “दम दिलेल्या तांडेलाच्या होडीत बसू नये रे. अर्ध्या वाटेत शीड सैल सोडून तो तंबाखू मळत बसला तर काय करशील? पोहशील?” भाचा म्हणाला, आत्या, हा खेळ आहे. मी म्हटलं, होडी आहे ना?

शेवटी समजूत घातली. गेला घेऊन. इथून पुढे त्या गलबताचं भाडं २५० मोहरा, जाताना आणि येतानाही. भाच्याला ते महाग वाटलं. रविवारी राजपुरीच्या धक्क्यावर उभा राहिलेला कोणीही माणूस याला महाग म्हणणार नाही. खेळात भाडं ठरलेलं, आणि एकट्यासाठी होडी सुटते! आमच्याकडे जंजिऱ्याची होडी भरेपर्यंत सुटत नाही. आणि भरली हे कोणी ठरवायचं? बसलेल्यांच्या मते ती केव्हाच भरलेली असते. तांडेलाच्या मते अजून एक कुटुंब, म्हातारीसकट, आरामात मावतं.

मग शीड चढतं, आणि शीड चढलं की प्रत्येक होडीत एक जण उठून इतिहास सांगू लागतो. किल्ल्याचा दरवाजा शेवटच्या क्षणापर्यंत दिसत नाही. दोन बुरुजांच्या मध्ये असा चोरून बसवलाय की होडी भिंतीवरच आपटणार असं वाटत असतानाच तो पुढ्यात येतो. तिथे होडी नीट लागत नाही. ती वरखाली होत राहते आणि माणसाने ती वर असताना उडी टाकायची. कोथरूडच्या एखाद्या काकू डोळे मिटून, पर्स छातीशी धरून उडी मारतात, तो पराक्रम कुठल्याही ड्रॅगनवाल्याने येऊन बघावा.

कारण हा जंजिरा काही साधा प्रदेश नव्हे. शिवाजी महाराजांनी त्याच्यावर फौजा पाठवल्या, तिथल्या सिद्दी राज्यकर्त्यांना आळा घालायला समोरच्या कासा बेटावर पद्मदुर्ग उभा केला. लाय पाटील नावाच्या कोळ्याने रात्रीच्या अंधारात जंजिऱ्याच्या तटाला शिड्या लावल्या. वर चढायला यायची ती कुमक आलीच नाही, उजाडायच्या आत शिड्या काढून परतावं लागलं. त्या धाडसासाठी महाराजांनी त्याला पालखी देऊ केली. तो म्हणाला, आम्ही दर्यावर्दी माणसं, आम्हाला पालखी काय करायची? मग महाराजांनी त्याला गलबत बांधून दिलं आणि त्याचं नाव ‘पालखी’ ठेवलं, असं सांगतात. सरकारी कामाची चाळीस वर्षं जवळून पाहिलेल्या बाईला यातलं सगळ्यात काय पटतं, तर मंजूर झालेली बाब नावानिशी कायम ठेवून प्रत्यक्षात उपयोगाची वस्तू देणं. असा अधिकारी मला एकही भेटला नाही.

संभाजी महाराजांनी तर १६८२ साली समुद्रातच दगड टाकून किल्ल्यापर्यंत वाट बांधायला घेतली. मुघल फौजा कोकणात उतरल्या आणि ते काम सोडून त्यांना तिकडे वळावं लागलं. किल्ला सिद्दीचा तो सिद्दीचाच राहिला, १९४८ साली संस्थान भारतात विलीन होईपर्यंत. आणि जिथे एवढ्या फौजा थांबल्या तिथे आज कुठलंही नवपरिणीत जोडपं, हातात वेफर्सची पिशवी घेऊन, कलालबांगडी तोफेवर बसून फोटो काढतं. पराक्रमाने जे उघडलं नाही ते तिकिटाने उघडलं.

हे मी भाच्याला म्हणाले तर तो म्हणाला, आत्या, खेळांमध्ये उलट चाललंय. ‘एल्डन रिंग’ नावाचा जपानी खेळ आहे, त्याची पुरवणी २१ जून २०२४ ला आली. आधी पैसे भरायचे. मग राडान नावाच्या सेनापतीला मारायचं. मग मोग नावाच्या रक्ताच्या राजाला त्याच्या महालात जाऊन मारायचं. मग तिथल्या कोशातून एक वाळलेला हात लोंबत असतो, त्याला स्पर्श केला की नवा प्रदेश. राडानच्याच हातून मरून मरून थकल्यामुळे भाच्याच्या एका मित्राची पुरवणी पैसे भरून तशीच पडून आहे.

“म्हणजे तिकीट काढायचं आणि वर किल्लाही लढून घ्यायचा?”

“हो.”

“आणि हे लोक कोर्टात जात नाहीत?”

प्रवेशाच्या बाबतीत रायगडच्या किनाऱ्याने सगळे प्रकार करून पाहिलेत. अलिबागच्या कुलाबा किल्ल्याचंच घ्या. त्याला होडी नको, राक्षस नको, ओहोटी लागते. पाणी उतरलं की चालत जा, चढायच्या आत परत या. भरतीची वेळ काढायला तिथीची पाऊणपट करायची: चतुर्थीला तीन, अष्टमीला सहा. तिथून सहा तासांनी ओहोटी. ही आकडेमोड न करता गेलेली मंडळी तटावरून अलिबागच्या दिव्यांकडे बघत बसतात. स्कायरिममध्ये भरती-ओहोटी नाही, हे भाच्याने सांगितल्यावर त्या खेळाबद्दलचा माझा आदर थोडा उतरला. एवढे ड्रॅगन घातले, एक पंचांग घालता आलं नाही.

मांडव्याला गेटवेवरून बोट येते, तिकिटातच पुढे अलिबागपर्यंतची बस. पण पावसाळ्यात ती बंद. भाऊच्या धक्क्यावरून रेवसला लाँच येते, पण रेवसच्या खाडीत गाळ एवढा, की ओहोटीला लाँचने यायचं की चिखलाने, हा प्रश्न. मार्च २०२० मध्ये भाऊचा धक्का ते मांडवा रो-रो सुरू झाली. आपली गाडी घेऊन पोटात शिरायचं आणि तासाभरात पलीकडे! सगळा जिल्हा हरखला. त्याच महिन्यात टाळेबंदी लागली. नवा प्रदेश उघडायचा आणि लगेच जगच बंद करायचं, हा विनोद कुठल्याही खेळवाल्याला सुचला नसता. आणि रेवस-करंजा पूल? तो मुख्यमंत्री अंतुले साहेबांच्या काळापासून ‘लवकरच येत आहे’ या सदरात आहे. त्यांनी १९८१ साली कुलाबा जिल्ह्याचं नाव बदलून रायगड केलं, ते मात्र एका फटक्यात झालं. नाव बदलायला खांब लागत नाहीत.

असो. भाचा बेटावर उतरला. उतरताच राखाडी कातडीचा, लाल डोळ्यांचा एक गृहस्थ समोर आला. नाव अद्रिल अरानो, रेव्हन रॉक गावचा दुय्यम अधिकारी. त्याने पहिलाच प्रश्न केला: इथे येण्याचा उद्देश काय? आणि हेही बजावलं, की ही जागा रेडोरान घराण्याच्या मालकीची आहे. मला हा माणूस पहिल्या वाक्यात आवडला. मांडव्याच्या जेट्टीवर असा एक तरी नेमायला हवा. भाच्याने मात्र त्याचं बोलणं मध्येच तोडून पुढे उडी मारली. वरिष्ठांचं म्हणणं अर्ध्यावर सोडून जायची ही सवय चांगली नाही, एवढं बोलून मी गप्प बसले.

बेटावर जिकडे तिकडे राख. शेजारच्या मुलखात ज्वालामुखी फुटला त्याची. गावची खाण बंद पडलेली. मुखवटेवाल्यांना पाठवणाऱ्या ज्या मिराकचा भाच्याला शोध घ्यायचा होता, त्याचं नाव ज्याला त्याला विचारलं. सगळे म्हणत, नाव ऐकल्यासारखं वाटतं, पण कुठे ते आठवत नाही. भाचा वैतागला. मला काहीच वाटलं नाही. चौलमध्ये कुणाचं घर विचारा, हेच उत्तर मिळतं. आणि उत्तर देणारा बहुधा त्याच घराच्या पायरीवर बसलेला असतो.

वैतागात भर म्हणजे पोराला आता चालवेना. या खेळात नायकाने सुरुवातीला ३०० पर्यंत वजन उचलायचं. त्याच्या वर गेलं की धावता येत नाही, सरपटल्यासारखं चालावं लागतं. झोळी उघडून पाहिली तर तलवारी, ढाली, ड्रॅगनची हाडं आणि चीजचे गोल गोल गड्डे. “हे कशाला?” “लागलं तर असावं म्हणून.” हा गुण आईकडून आलेला. याची आई दिवाळीनंतर इथून निघते तेव्हा पांढऱ्या कांद्याच्या माळा, सुकट, कोकम, नारळ आणि वालाचं गाठोडं घेऊन तिला आगरदांड्याच्या, मोटारी वाहून नेणाऱ्या जंगलजेट्टीवरही चढवत नाही, दोघांनी उचलावी लागते.

आता हा खेळ संपत आलाय आणि भाच्याचं दुसऱ्याच पुरवणीचं चाललंय: पोलंडमधल्या ‘विचर’ खेळाची, २०१६ ची, ‘ब्लड अँड वाइन’. तिचा प्रदेश तूसाँ. द्राक्षमळे, सूर्यप्रकाश, रंगीत घरं. मी पहिलं विचारलं, जायचं कसं? तो म्हणाला, जायचंच नाही, तिथल्या डचेसचे दोन सरदार निमंत्रण घेऊन न्यायला येतात. राक्षस मारायचं काम आहे आणि मोबदल्यात नायकाला द्राक्षमळ्यासकट घर मिळतं. घर सांभाळायला एक कारभारीही.

मला अलिबागकडचे बंगले आठवले, आणि त्यांच्या फाटकाशी स्टुलावर बसलेले कारभारी.

“जमीन शेतीची?”

“द्राक्षं लावलीत म्हणजे शेतीचीच.”

“मग तो नायक शेतकरी आहे का? महाराष्ट्रात शेतकरी असल्याचा पुरावा लागतो.”

“आत्या, तो राक्षस मारतो. आणि त्याने विकत नाही घेतली, डचेसने दिली.”

“इनाम! आधी सांगायचंस. मग सातबाऱ्यावर भोगवटादार वर्ग दोन लागणार. विकताना कलेक्टरची परवानगी लागेल, हे त्याला आत्ताच सांगून ठेव.”