अकराची चवड

"ऐकलं का वं बाई?" भिंतीपलीकडून मावशींचा हा आवाज आला की समजायचं, तव्यावरची पोळी गेली.

उन्हाळा, सगळ्या बोदवडात उडदाचे पापड सुरू. मावशी हातातल्या लाटण्यासकट भिंतीशी. विषय नातीचा. पोरीच्या उजव्या करंगळीला चिकटून सहावं बोट आहे, हरभऱ्याच्या घाट्याएवढं. पण नख कसं रेखीव!

"सून म्हने, डॉक्टरले दाखवू, काढून टाकू. पोरीले इचारलं, तं म्हने माझं बोट हाये, तुमचं थोडीच हाये?"

"मग खोटं काय बोलली?"

"अन् लग्नाच्या टायमाले?"

पोर आठ वर्षांची! बरं, मावशींच्या सासऱ्यांनाही हेच बोट होतं. घराण्यातून येतं ते. त्यांचं होतं तेव्हा लक्ष्मीचं होतं हो. नातीचं मात्र लग्नाच्या आड येतंय.

मग मी नागपूरची ज्योती आमगे काढली. जगातली सगळ्यात बुटकी बाई, उंची ६२.८ सेंटिमीटर. शाळेत चारचौघा पोरांतच बसायची, बाक-खुर्ची तेवढी तिच्या मापाची. १६ डिसेंबर २०११ला अठरा पुरे झाले, त्याच दिवशी गिनीजवाल्यांनी मोजमाप करून नाव जाहीर केलं. २०१४मध्ये अमेरिकेच्या मालिकेत कामही केलं तिनं.

मावशींनी भिंतीवर लाटण्यानं दोनदा माप घेतलं. "इतकुशी? माय वं! अन् अमेरिकेले गेली?"

"लंडनलाही. २०२४मध्ये तिथं तुर्कस्तानच्या रुमेसाबरोबर चहा प्यायली. ती जगातली सगळ्यात उंच बाई. एक दोन फुटांच्या जरा वर, दुसरी सात फुटांच्या जरा वर."

"एकाच टेबलावर? काय बोलल्या असतीन वं?"

"आपण बोलतो तेच. दुसऱ्यांच्या सुनांबद्दल."

मावशी हसल्या, पण मुद्दा सोडला नाही. "तरी बी..."

तेवढ्यात नात ओट्यावरून आली. सहाही नखांना लालभडक नेलपॉलिश. सहाव्यावर वर चमकीसुद्धा. "आजी, पापड मोजले. दहा-दहाच्या चवडी लावल्या."

संध्याकाळी मावशींनी मला दोन चवडी दिल्या. डब्यात भरताना सहज मोजल्या, तर दोन्ही अकरा-अकराच्या. भिंतीवरून हाक मारावी असं आलं मनात, पण नाही मारली. दोन पापड जास्तीचे, कोण परत करतं!